हॉर्स चेस्टनटची ओळख : वाचकांचे प्रश्न आणि उत्तरे

युरोपात मुलांकडे राहून आलेल्या, तिकडे स्थायिक झालेल्या आणि हिमालयात भटकंती करणाऱ्या वाचकांकडून हॉर्स चेस्टनट या झाडाविषयी पत्रे येत असतात. काही पत्रांत या झाडाचे बी खाण्याविषयी विचारणा असल्यामुळे उत्तर लांबणीवर टाकणे योग्य वाटले नाही. म्हणून या वेळचे सदर या एकाच झाडासाठी ठेवले आहे.

प्रश्न : मी सध्या म्युनिकला मुलीकडे आहे. ऑक्टोबरमध्ये घराजवळच्या बागेत तपकिरी, चकचकीत, सुपारीहून मोठ्या बियांचा सडा पडला होता आणि नातवाने त्या पिशवीभर गोळा केल्या आहेत. नाताळच्या बाजारात गरम गरम भाजून विकतात ते चेस्टनट हेच का? घरी भाजून खाल्ले तर चालतील का? (एक वाचक, मूळ पुणे)

उत्तर : कृपया खाऊ नका आणि नातवालाही खाऊ देऊ नका. आपण वर्णन केलेल्या बिया बहुधा हॉर्स चेस्टनटच्या आहेत आणि त्या विषारी आहेत. त्यांत एस्किन नावाच्या सॅपोनिनांचे (साबणासारखा फेस देणाऱ्या द्रव्यांचे) मिश्रण आणि एस्क्युलिन नावाचे द्रव्य असते. बी पोटात गेल्यास मळमळ, उलट्या, जुलाब आणि पोटदुखी होते. प्रमाण जास्त असेल तर अशक्तपणा येतो आणि हालचालींवरचा ताबाही जातो. घरच्या भट्टीत भाजल्याने हे विष निघून जाईल असा भरवसा धरता येत नाही. मुलाने बी चावून गिळले असेल, तर लक्षणे दिसण्याची वाट न पाहता डॉक्टरांशी किंवा तेथील विषबाधा मदत केंद्राशी संपर्क साधावा. कुत्र्यांनाही या बिया बाधतात, हे घरी कुत्रा असल्यास ध्यानात ठेवावे.

बाजारात भाजून मिळतो तो गोड चेस्टनट (कॅस्टेनिया सॅटिव्हा) आणि हा हॉर्स चेस्टनट (एस्क्युलस हिप्पोकॅस्टॅनम) यांचे एकमेकांशी जवळचे नाते नाही. गोड चेस्टनट ओकच्या कुलातला आहे, तर हॉर्स चेस्टनट आपल्या रिठ्याच्या, म्हणजे अरिष्ट कुलातला. बिया तेवढ्या वरवर सारख्या दिसतात आणि घोटाळा तिथेच होतो. मात्र बी हातात घेऊन नीट पाहिले तर फरक कळतो. गोड चेस्टनटच्या टोकाला बारीक अणकुची असते, तिच्यावर सुकलेल्या केसांसारखा झुबका राहिलेला असतो आणि एका कवचात दोन-तीन बिया दाटीने बसत असल्यामुळे त्यांची एखादी बाजू चपटी झालेली असते. हॉर्स चेस्टनट गोलसर असतो, त्याला टोक नसते आणि एका बाजूला मोठा पांढुरका चट्टा असतो. बाहेरचे कवच सापडले तर आणखी बरे. गोड चेस्टनटचे कवच इतक्या दाट, बारीक, सुईसारख्या काट्यांनी भरलेले असते की ते उघड्या हाताने धरवत नाही. हॉर्स चेस्टनटचे हिरवे बोंड जाड सालीचे असते आणि त्यावर आखूड, विरळ काटे असतात.

तरीही माझा आग्रह असा की, केवळ जमिनीवर पडलेल्या फळावरून झाड ओळखू नये. मान वर करून पान पाहावे, कारण पानाच्या बाबतीत शंकेला जागाच राहत नाही. गोड चेस्टनटचे पान साधे, एकसंध, लांबट आणि कडेला करवतीसारखे दातेरी असते. हॉर्स चेस्टनटचे पान संयुक्त असते : एका लांब देठाच्या टोकाशी पाच ते सात पर्णिका, पंजा पसरावा तशा, एकाच बिंदूतून निघालेल्या असतात, त्यांतली मधली सर्वांत मोठी असते आणि प्रत्येक पर्णिका बुडाशी निमुळती व टोकाच्या बाजूला रुंद असते. या पर्णिकांना स्वतःचा देठ नसतो, त्या मुख्य देठावर थेट बसलेल्या असतात. ही खूण लक्षात ठेवावी, कारण पुढच्या एका उत्तरात ती पुन्हा उपयोगी पडणार आहे.

हिवाळ्यात पाने गळल्यावरही हे झाड ओळखता येते, किंबहुना तेव्हा ते अधिक सोपे जाते. फांदीच्या टोकाला मोठी, गडद तपकिरी, राळेमुळे बोटाला चिकटणारी कळी असते. पान गळाले तेथे घोड्याच्या नालासारखा व्रण उरतो आणि त्या व्रणात खिळ्यांसारखे ठिपके ओळीने दिसतात. पानाला अन्नपाणी पोहोचवणाऱ्या नलिकांच्या त्या तुटलेल्या जागा असतात. हे व्रण फांदीवर समोरासमोर जोडीने असतात, कारण या झाडाची पाने नेहमी जोडीने येतात. झाडाच्या नावातला घोडा या व्रणावरून आला असे अनेकजण सांगतात. जुन्या ग्रंथांत मात्र वेगळी हकीकत आहे. इटालियन वैद्य मात्तिओली याने १५६५ मध्ये या झाडाचे पहिले वर्णन प्रसिद्ध केले. त्याला कॉन्स्टँटिनोपलहून फळांसह फांदी मिळाली होती आणि तुर्क लोक खोकल्याने बेजार घोड्यांना या बिया देतात, अशी माहितीही त्याच्याकडे आली होती. प्रत्यक्षात या बिया घोड्यांनाही बाधक आहेत.

आपण म्युनिकला आहात म्हणून एक गोष्ट आवर्जून सांगतो. तेथील जुन्या बिअर बागांमध्ये हीच झाडे ओळीने लावलेली दिसतील. पूर्वी बिअर जमिनीखालच्या तळघरांत साठवत असत, तळघर थंड राहावे म्हणून वर दाट सावली हवी असे आणि मुळे फार खोल जाऊन तळघराच्या छताला इजा करणारी नकोत, म्हणून या झाडाची निवड झाली. मे महिन्यापर्यंत मुक्काम असेल तर त्याचा बहर अवश्य पाहा. पांढऱ्या फुलांचे वीस-तीस सेंटिमीटर उंचीचे ताठ तुरे सगळ्या झाडावर उभे राहतात. फूल जवळून पाहिले की पाकळीवर डाग दिसतो : फूल ताजे आणि मधाने भरलेले असताना तो पिवळा असतो, मध आटल्यावर गुलाबी आणि मग लाल होतो. मधमाशीला लाल रंग जवळजवळ दिसत नाही, त्यामुळे रिकाम्या फुलांवर तिचा वेळ जात नाही आणि पराग न मिळालेल्या फुलांना तिची भेट मिळते. इतक्या फुलांतून एका तुऱ्यावर शेवटी मोजकीच बोंडे धरतात.

प्रश्न : आमच्या कोल्हापूरच्या घरामागे सात पर्णिकांच्या पानांचे मोठे झाड आहे. हिवाळ्यात त्याची पाने गळतात. भाच्याने मोबाइलमधल्या अॅपवर फोटो टाकला तर ‘हॉर्स चेस्टनट’ असे उत्तर आले. हे शक्य आहे का?

उत्तर : शक्यता जवळजवळ नाही. पंजासारखे संयुक्त पान आपल्याकडच्याही बऱ्याच झाडांना असते आणि एका पानाच्या फोटोवरून अॅपची गफलत होऊ शकते. आपले झाड काटेसावर किंवा जंगली बदाम असावे. काटेसावरीच्या कोवळ्या खोडावर आणि फांद्यांवर शंकूसारखे काटे असतात आणि निष्पर्ण झाडावर मोठी लाल फुले येतात. जंगली बदामाच्या फुलांचा उग्र दुर्गंध लांबूनच कळतो आणि त्याची फळे लाल, होडीच्या आकाराची व कठीण असतात. सप्तपर्णीचे नावही काही जण सुचवतील, पण तिची पाने साधी असून फांदीभोवती एका घेरात येतात, ती हिवाळ्यात गळत नाहीत आणि तोडल्यावर पांढरा चीक येतो.

निर्णय करण्याचा सोपा मार्ग म्हणजे पान फांदीला कसे जोडले आहे ते पाहणे. काटेसावर आणि जंगली बदाम यांची पाने फांदीवर एकाआड एक येतात, जंगली बदामाची तर फांदीच्या टोकाशी गर्दी करतात. हॉर्स चेस्टनटच्या पानांची मात्र समोरासमोर जोडी असते. फोटो काढताना एकटे पान न काढता ते फांदीला जोडलेले असताना काढले, तर अॅपलाही आणि माणसालाही मदत होते.

प्रश्न : कुलूच्या बाजूला एका ओढ्याकाठी चालताना सात पर्णिकांचे उंच झाड दिसले. त्याच्या खोडाची साल लांब पट्ट्यांनी सुटत होती. आमचा वाटाड्या त्याला ‘खनोर’ म्हणाला आणि याचे पीठ करून खातात असेही त्याने सांगितले. हा हॉर्स चेस्टनट आहे का, आणि तो विषारी असेल तर लोक खातात कसे?

उत्तर : आपल्या वाटाड्याने दोन्ही गोष्टी बरोबर सांगितल्या आहेत. ते झाड म्हणजे हिमालयातला हॉर्स चेस्टनट, शास्त्रीय नाव एस्क्युलस इंडिका. काश्मीरपासून पश्चिम नेपाळपर्यंत, साधारण १,००० ते ३,००० मीटर उंचीवर, ओलसर आणि सावलीच्या घळींमध्ये तो वाढतो. गढवाल-कुमाऊँकडे त्याला ‘पांगर’ म्हणतात. लाल फुलांच्या आपल्या पांगाऱ्याशी त्याचा संबंध नाही.

युरोपातल्या जातीपासून तो वेगळा कसा करायचा? मघाशी सांगितलेली देठाची खूण येथे कामाला येते. हिमालयी जातीच्या प्रत्येक पर्णिकेला स्वतःचा छोटा देठ असतो. बोंडावर काटे नसतात, ते खडबडीत आणि तपकिरी असते. फुलांच्या पांढऱ्या पाकळ्यांवर पिवळी व गुलाबी झाक असते आणि पुंकेसर बरेच बाहेर आलेले असतात. जुन्या खोडाची साल लांब पट्ट्यांनी सुटते, हे आपण स्वतःच पाहिले आहे.

आता खाण्याविषयी. बी विषारी असले तरी त्यातली सॅपोनिने पाण्यात विरघळतात आणि डोंगरातल्या लोकांनी याच गुणाचा उपयोग करून घेतला आहे. बिया सोलून, ठेचून किंवा तुकडे करून त्या वाहत्या पाण्यात किंवा वारंवार पाणी बदलत कित्येक दिवस ठेवतात. कडवटपणा पूर्ण गेल्यावर त्या वाळवून दळतात आणि ते पीठ गव्हाच्या पिठात मिसळतात. टंचाईच्या दिवसांत या पिठाने डोंगरी कुटुंबांना आधार दिला आहे. झाडाचा पाला गुरांना चारा म्हणून घालतात आणि मऊ, हलक्या लाकडाची भांडी करतात. जपानमध्येही तेथल्या जातीच्या बिया पाण्यात भिजवून आणि लाकडाच्या राखेने कडूपणा काढून ‘तोचि-मोचि’ नावाचा पदार्थ करतात. ही सारी ज्ञाने पिढ्यान्‌पिढ्यांच्या हातांत मुरलेली आहेत. किती दिवस, किती पाणी, कोणत्या चवीला थांबायचे हे करणाऱ्याला कळते; वाचून किंवा चित्रफीत पाहून घरी हा प्रयोग करण्याची शिफारस मी करणार नाही.

युरोपातल्या झाडाशी भारताचे नाव मात्र फार पूर्वी, आणि चुकीने, जोडले गेले. फ्रेंच भाषेत या झाडाला आजही ‘भारतीय चेस्टनट’ अशा अर्थाचे नाव आहे. १५७६ मध्ये क्लूसियस या वनस्पतिशास्त्रज्ञाला व्हिएन्नात कॉन्स्टँटिनोपलहून या झाडाचे बियाणे मिळाले. १७ व्या शतकात ते पॅरिसला पोहोचले आणि तेथून बागाबागांत पसरले. पूर्वेकडून आले म्हणून त्याचे मूळ घर पूर्वेत कुठेतरी दूर असावे, अशी समजूत झाली. ग्रीस, अल्बानिया, उत्तर मॅसिडोनिया आणि बल्गेरिया या बाल्कन देशांच्या डोंगरांतली मोजकी जंगले हे त्याचे खरे घर आहे, हे निश्चित व्हायला १९ वे शतक उजाडावे लागले.

प्रश्न : आम्ही लंडनला राहतो. आमच्या रस्त्यावरच्या हॉर्स चेस्टनटची पाने ऑगस्टमध्येच तपकिरी होऊन गळू लागतात. शेजारी म्हणतात झाड मरत आहे. खरे आहे का?

उत्तर : केवळ पाने तपकिरी होणे हे झाड मरत असल्याचे लक्षण नव्हे. हे काम बहुतांशी एका चिमुकल्या पतंगाचे आहे. कॅमेरॅरिया ओहरिडेला असे त्याचे नाव. सुमारे पाच मिलिमीटर लांबीचा हा पतंग १९८४ मध्ये मॅसिडोनियातील ओहरिड सरोवराजवळ संशोधकांच्या नजरेस आला, १९८९ मध्ये ऑस्ट्रियात दिसला आणि २००२ मध्ये आपल्या लंडनमधल्या विम्बल्डन भागात पोहोचला. त्याची अळी पानाच्या वरच्या व खालच्या पापुद्र्यांमधला हिरवा गर खाते. एका उन्हाळ्यात त्याच्या दोन-तीन पिढ्या होतात, म्हणून जुलै-ऑगस्टपर्यंत झाड करपल्यासारखे दिसते.

खात्री करायची असेल तर डाग पडलेले पान उजेडासमोर धरा. डागाच्या आत पोकळी, अळी किंवा तिच्या विष्ठेचे काळपट कण दिसले तर तो पतंग. डाग आरपार सुकलेला असून कडेला पिवळी रेघ असेल तर तो बुरशीचा करपा. दोन्हींमुळे झाड सहसा मरत नाही. बिया मात्र लहान राहतात. पतंगाचे कोष गळलेल्या पानांत हिवाळा काढतात, म्हणून शरद ऋतूत पाने गोळा करून त्यांची विल्हेवाट लावणे हा शेजाऱ्यांनी मिळून करण्याजोगा साधा आणि उपयुक्त उपाय आहे. हिमालयी जात या पतंगाला फारशी दाद देत नाही, त्यामुळे नव्या लागवडीसाठी तिचा विचार होतो.

झाडाच्या जिवाची खरी काळजी करावी ती वेगळ्या लक्षणासाठी : खोडातून लालसर तपकिरी, चिकट द्रव पाझरू लागणे. हा स्यूडोमोनास सिरिंगी या जिवाणूच्या एका प्रकाराचा रोग आहे. खोडाला सगळीकडून विळखा पडला तर झाड वाळते. हा जिवाणू सर्वप्रथम १९६९ मध्ये भारतात, हिमालयी हॉर्स चेस्टनटच्या पानांवरच्या ठिपक्यांतून वेगळा करण्यात आला होता. तेथे तो पानांपुरता राहिला. युरोपातल्या झाडावर पोहोचलेल्या त्याच्या जवळच्या आप्ताने मात्र या शतकाच्या सुरुवातीपासून खोडावर हल्ला केला. ज्या यजमानाबरोबर जिवाणू पिढ्यान्‌पिढ्या नांदला नाही, तेथे तो किती घातक ठरू शकतो याचे हे ठळक उदाहरण आहे. एकीकडे मूळ घरातली जंगले तुटपुंजी आणि दुसरीकडे पतंग व रोग, त्यामुळे २०१९ मध्ये युरोपीय वृक्षांच्या लाल यादीत, म्हणजे धोक्यातल्या जातींच्या नोंदीत, ही जात असुरक्षित म्हणून नोंदवली गेली. शहरोशहरी लावलेले झाड रानात दुर्मीळ होत आहे, याचे मला मनापासून वाईट वाटते.

म्हणून आपल्या रस्त्यावरच्या झाडाचे खोड वर्षातून एकदा पाहा आणि द्रव पाझरताना दिसला तर स्थानिक कौन्सिलच्या वृक्ष अधिकाऱ्याला कळवा. पाने तपकिरी झाली एवढ्या कारणाने झाड तोडण्याची मागणी कोणी केली, तर विरोध करा.

प्रश्न : होमिओपॅथीच्या दुकानात ‘एस्क्युलस’ नावाची बाटली मिळते. पायांच्या फुगलेल्या शिरांसाठी परदेशातून याच झाडाच्या गोळ्याही कोणीतरी आणून दिल्या आहेत. घ्याव्यात का? (एक वाचक, नाशिक)

उत्तर : बाटलीवरचे नाव याच झाडाचे आहे, परंतु बाटली आणि गोळ्या या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. युरोपात बियांवर प्रक्रिया करून एस्किनचे प्रमाण ठरवून दिलेला अर्क विकतात आणि पायांतील शिरांच्या जुनाट विकारात सूज व वेदना काही काळ कमी करण्यासाठी तो उपयोगी पडतो, असे वैद्यकीय चाचण्यांच्या आढाव्यांत दिसले आहे. होमिओपॅथीतले विरल औषध म्हणजे तो अर्क नव्हे, त्यामुळे या चाचण्यांचा आधार त्याला देता येत नाही. रक्त पातळ करणारी औषधे चालू असतील, मूत्रपिंडाचा किंवा यकृताचा त्रास असेल, किंवा गरोदरपण असेल, तर अर्कही डॉक्टरांना विचारल्याशिवाय घेऊ नये. एकाच पायाला अचानक सूज व वेदना आल्या तर गोळ्या शोधत न बसता त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवावे, कारण ती शिरेत रक्ताची गुठळी झाल्याची खूण असू शकते. बी घरी उगाळून किंवा काढा करून तर कधीच घेऊ नये.

प्रश्न : जर्मनीहून येताना चार बिया आणायचा विचार आहे. पुण्यात किंवा महाबळेश्वरला लावल्या तर रुजतील का?

उत्तर : आणू नका. परवानगी व रोगमुक्ततेचे प्रमाणपत्र यांशिवाय लागवडीचे बियाणे देशात आणण्यास वनस्पती संगरोधाच्या (रोग-किडींचा शिरकाव रोखण्याच्या) नियमांनुसार मनाई आहे, आणि वर सांगितलेल्या पतंगाचा व जिवाणूचा इतिहास पाहता तो नियम किती आवश्यक आहे हे सहज पटेल. शिवाय हे बी सुकले की मरते, आणि ताजे पेरले तरी रुजण्यासाठी त्याला काही महिने थंड, ओल्या मातीत काढावे लागतात. रोप आलेच तरी त्याला दरवर्षी कडक हिवाळ्याची विश्रांती हवी असते; पुण्यात ती मिळत नाही आणि महाबळेश्वरची थंडीही त्यासाठी पुरेशी नाही.

याच कुलातले एखादे झाड दारात हवे असेल तर कोशिंब लावावा. तो सह्याद्रीचा आहे, आपल्या हवेत कोणत्याही लाडाशिवाय वाढतो आणि फाल्गुन-चैत्रात त्याची लालभडक कोवळी पालवी अशी फुटते की दुरून पाहणाऱ्याला झाड फुलल्याचा भास व्हावा. त्याची आंबट फळे गावाकडची मुले आवडीने खातात, बियांपासून तेल निघते आणि लाखेच्या किड्यांसाठीही त्याचा उपयोग होतो. पिकलेल्या फळांतले बी ताजे असतानाच पावसाळ्याच्या सुरुवातीला पिशवीत पेरावे. झाड पुढे प्रशस्त घेर धरते, म्हणून रोप भिंतीपासून आणि विजेच्या तारांपासून दूर लावावे.